बालनटाची कमाई कोणाची?

गेल्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात आमच्या शाळेतील आठवीच्या एका विद्यार्थ्याने चिक्कू सावकाराची भूमिका केली. ती त्याला इतकी साधली की, प्रयोग संपल्यावर गावातील वृद्ध मंडळींनी त्याला रंगपटात जाऊन शाबासकी दिली. पुढील आठवड्यात त्याचे वडील शाळेत आले. गृहस्थ साधे, छोटेसे किराणा दुकान चालविणारे. त्यांच्या खिशात वर्तमानपत्राचे एक कात्रण होते : मुंबईच्या एका चित्रवाणी मालिकेसाठी बालकलाकार पाहिजेत. मुलास वर्षभर मुंबईस ठेवल्यास शाळा हजेरीचे सांभाळून घेईल काय, हे विचारावयास ते आले होते. निघता निघता उंबऱ्यापाशी थांबून त्यांनी आमच्या घरगुती कोंकणीत विचारले, "मास्तर, मेळपी पयशे कोणाचे जातले? ताचे काय आमचे?" मिळणारे पैसे कोणाचे व्हावयाचे, मुलाचे की आईबापांचे?

आम्ही हसून म्हणालो, "अहो, बापाचे ते मुलाचे आणि मुलाचे ते बापाचे. यात विचारावयाचे काय?"

ते निघून गेले. पण प्रश्न काही आमच्या मनातून जाईना. पुढे या विषयावर थोडे वाचन घडले, तेव्हा आम्हांस आमच्याच उत्तराची लाज वाटली. कारण १९३८ साली अमेरिकेत एका जगप्रसिद्ध बालनटाने हाच प्रश्न न्यायालयात विचारला होता, आणि त्याच्या आईने जवळजवळ आमचेच उत्तर दिले होते. त्या उत्तराचा अर्धा भाग खरा ठरला : मुलाचे ते आईबापांचे. उरलेला अर्धा भाग कोणत्याही कायद्यात लिहिलेला नव्हता. तो लिहून घेण्यासाठी पुढे ज्याने सर्वांत अधिक खटपट केली, तोही एकेकाळचा बालनटच. त्याची हकीकत आज आमच्या विद्यार्थ्यांस व त्यांच्या घरच्या मंडळींस सांगावयाची आहे.

पॉल पीटरसन हे नाव आपल्याकडे फारसे कोणास ठाऊक नसेल. १९४५ सालच्या सप्टेंबरच्या २३ तारखेस कॅलिफोर्निया राज्यातील ग्लेंडेल येथे त्यांचा जन्म झाला. हॉलीवूड तेथून जवळच. १९५५ साली वॉल्ट डिस्ने यांनी मुलांसाठी 'मिकी माउस क्लब' नावाचा चित्रवाणी कार्यक्रम सुरू केला. मिकीच्या कानांची टोपी घालून गाणाऱ्या-नाचणाऱ्या मुलांच्या त्या ताफ्यात दहा वर्षांच्या पॉलची निवड झाली. पण स्वारी मोठी द्वाड! अवघ्या काही आठवड्यांत बेशिस्त वर्तनासाठी त्याला ताफ्यातून काढून टाकण्यात आले. पुढे मोठेपणी त्यांनी या अनुभवावर एक पुस्तक लिहिले व त्याच्या शीर्षकातच स्वतःस पहिला 'माजी' सभासद म्हणवून घेतले. शाळेतून नाव काढले गेल्याचे दुःख असे हसत सांगता यावयास बरीच वर्षे जावी लागतात, हे आम्ही शिक्षक जाणतो.

त्यानंतर १९५८ साली 'हाउसबोट' या बोलपटात केरी ग्रँट व सोफिया लॉरेन या विख्यात कलावंतांबरोबर त्याला काम मिळाले, आणि त्याच वर्षी 'द डॉना रीड शो' ही मालिका सुरू झाली. डॉना रीड ही ऑस्कर पारितोषिक मिळविलेली अभिनेत्री. तिने मालिकेत एका डॉक्टराची सुशील, हसतमुख पत्नी रंगविली आणि पॉल झाला तिचा मुलगा जेफ. पहिला भाग दाखविला गेला तो १९५८ च्या २४ सप्टेंबरला, म्हणजे पॉलला तेरा वर्षे पूर्ण झाल्याच्या दुसऱ्याच दिवशी. शेवटचा भाग आला १९६६ च्या मार्चमध्ये. तेव्हा तो वीस वर्षांचा होता. मधल्या काळात २७५ भाग झाले. मुलाचे आवाज फुटण्याचे, उंची वाढण्याचे, मिसरूड फुटण्याचे सारे वय त्या दिव्यांच्या उजेडात गेले. मालिकेत त्याने वडिलांना उद्देशून गायलेले 'माय डॅड' हे गीत १९६२ साली देशभर गाजले. त्याची खरी धाकटी बहीण पॅटी हीसुद्धा १९६३ पासून त्याच मालिकेत त्याची मानलेली बहीण म्हणून आली. घरचे भावंड आणि पडद्यावरचे भावंड असे एक होऊन गेले!

येथे थोडे थांबून चित्रवाणीची एक रीत समजून घेतली पाहिजे. नाटकातला बालनट रंग पुसला की गावातला मुलगा होतो. बोलपटातला बालनट वर्षातून एकदोनदा पडद्यावर येतो, तोही प्रेक्षक तिकीट काढून गेला तर. चित्रवाणीचा बालनट मात्र दर आठवड्यास आपण होऊन लोकांच्या बैठकीत येऊन बसतो. लोक त्याला आपल्या घरचाच मानू लागतात. त्याचे खरे नाव विसरतात व पात्राचेच नाव धरून ठेवतात. शिवाय मालिका संपली तरी तिचे भाग पुनःपुन्हा दाखविले जातात. पडद्यावरचा जेफ तेरा वर्षांचाच राहतो आणि रस्त्यावरून चालणारा पॉल चाळीस वर्षांचा होतो. त्या काळच्या करारांप्रमाणे पुनःप्रक्षेपणाबद्दलचे मानधनही पहिल्या काही खेपांपुरतेच मिळत असे. म्हणजे चेहरा घरोघर फिरत राही, पण त्या चेहऱ्याच्या धन्यास त्यातून दमडी मिळत नसे. नव्या भूमिकेसाठी गेल्यास निर्माते म्हणत, छे, याला पाहिले की लोकांस जेफच आठवावयाचा. विसाव्या वर्षी निवृत्त झालेला मनुष्य, असे त्याचे वर्णन केले तर अतिशयोक्ती होणार नाही. ज्या वयात आमचे विद्यार्थी नोकरीचा पहिला अर्ज लिहितात, त्या वयात यांची कारकीर्द संपलेली.

पीटरसन यांनीही त्या दिवसांत बराच काळ चाचपडत काढला. काही बोलपटांत लहान कामे केली, मग लेखणी हाती घेऊन साहसकथा लिहिल्या. डॉना रीड यांच्याविषयी मात्र त्यांनी नेहमी कृतज्ञतेने सांगितले आहे. त्या बाईने चित्रीकरणाच्या जागी मुलांस घरच्यासारखे वागविले, हे त्यांचे भाग्य. सर्वांच्या वाट्याला ते आले नाही.

त्यांच्याच पिढीतील रस्टी हेमर हा असाच एक बालनट. १९५३ साली, वयाच्या सहाव्या वर्षी, तो विनोदी नट डॅनी थॉमस याच्या मालिकेत मुलगा म्हणून आला व १९६४ पर्यंत, म्हणजे अकरा वर्षे, देशाला हसवीत राहिला. मालिका संपल्यावर त्याला काम मिळेना. तो लुईझियाना राज्यात जाऊन लहानमोठी कामे करून राहू लागला. १९९० च्या जानेवारीत, बेचाळिसाव्या वर्षी, त्याने आपल्या हाताने आपले जीवन संपविले. त्याच्या आधी, १९७६ साली, ॲनिसा जोन्स ही दुसऱ्या एका लोकप्रिय मालिकेतील मुलगी मादक द्रव्यांच्या पायी अठराव्या वर्षीच गेली होती. विद्यार्थ्यांच्या अंकात या गोष्टी लिहिताना आमचा हात अडखळतो. पण त्या गाळल्या तर पुढे पीटरसन यांनी जे केले त्याचे कारणच कळणार नाही.

रस्टीच्या मृत्यूनंतर त्याच वर्षी पीटरसन यांनी एक संस्था स्थापन केली. तिचे नाव 'अ मायनर कन्सिडरेशन'. या नावात सुंदर श्लेष आहे. 'मायनर' म्हणजे किरकोळ आणि 'मायनर' म्हणजे अल्पवयीनही. 'कन्सिडरेशन' म्हणजे विचार आणि कायद्याच्या भाषेत 'कन्सिडरेशन' म्हणजे करारातील मोबदलाही. एक किरकोळ बाब, अल्पवयीनांचा विचार, अल्पवयीनाचा मोबदला असे तिन्ही अर्थ त्या तीन शब्दांत बसले आहेत. माजी बालनटांनी एकमेकांस हात द्यावा, अडचणीत असलेल्यास शोधून काढावे, आणि आज काम करणाऱ्या मुलांसाठी कायद्याची तटबंदी उभारावी, हा संस्थेचा हेतू. या दुसऱ्या कामास हात घालताच पीटरसन त्या १९३८ च्या खटल्यापाशी येऊन पोहोचले. तो खटला होता जॅकी कूगन याचा.

चार्ली चॅप्लिन यांचा 'द किड' हा १९२१ चा मूकपट आमच्या वाचकांपैकी अनेकांनी पाहिला असेल. त्यात काचा फोडीत हिंडणारा, मोठ्या टोपीखालून टकमक पाहणारा जो अनाथ मुलगा आहे, तो जॅकी. तेव्हा तो सहा वर्षांचाच होता. त्या मूकपटाने तो जगातील बहुधा सर्वांत प्रसिद्ध मुलगा झाला. त्याच्या नावाच्या बाहुल्या, पेन्सिली, खाऊचे डबे निघाले. १९२४ साली पश्चिम आशियातील निराश्रित मुलांसाठी त्याने दौरा केला, तेव्हा दहा लाख डॉलरांहून अधिक किमतीचे अन्नवस्त्र गोळा झाले. त्याची स्वतःची बालपणीची एकूण कमाई तीस ते चाळीस लाख डॉलर असल्याचे मानले जाते, आणि हे डॉलर शंभर वर्षांपूर्वीचे आहेत, हे ध्यानात घ्यावे.

१९३५ च्या मे महिन्यात मोटारीच्या भीषण अपघातात जॅकीचे वडील वारले. मोटारीतील एकटा जॅकीच वाचला. त्याच वर्षी ऑक्टोबरात तो एकवीस वर्षांचा, म्हणजे कायद्याने सज्ञान झाला. आता आपली ठेव आपल्या हाती येईल, असे त्याला वाटले. पण आई व तिचे दुसरे यजमान (हे कुटुंबाचे आर्थिक व्यवहार पूर्वीपासून पाहत असत) काही देईनात. शेवटी १९३८ साली पोटच्या मुलाने आईवर दावा लावला. आईच्या बाजूने मांडण्यात आले ते असे की, अल्पवयीन मुलाची कमाई कायद्याने आईबापांची आहे. त्यास काही देणे लागत नाही.

आणि कायदा खरोखरच तसा होता! हा नियम मुळात काही दुष्ट हेतूने केलेला नव्हता. ज्या काळी पोर बापाच्या शेतावर राबे किंवा शेजाऱ्याकडे चार आण्यांनी गुरे राखी, त्या काळी तो निपजला. बाप मुलाला खाऊपिऊ घालतो, कपडालत्ता करतो, म्हणून मुलाच्या श्रमाचे फळ बापाचे, असा तो सरळ हिशेब. गुराख्याच्या चार आण्यांसाठी केलेला नियम लक्षाधीश मुलास लावला गेला, एवढाच काय तो घोटाळा. पण त्या घोटाळ्यात जॅकीचे बालपण बुडाले. खटला चालेपर्यंत उरले होते सुमारे अडीच लाख डॉलर. तडजोडीत त्याच्या हाती आले त्याचे निम्मे, सव्वा लाखाच्या आसपास.

लोकांत मोठा क्षोभ उसळला आणि १९३९ साली कॅलिफोर्नियाने कायदा केला. तो आजही 'कूगन कायदा' म्हणून ओळखला जातो. जॅकीला स्वतःला त्याचा काही उपयोग झाला नाही. पुढे दुसऱ्या महायुद्धात तो ग्लायडर-वैमानिक झाला. १९४४ च्या मार्चमध्ये आसामच्या बाजूने उडून जपानी सैन्याच्या पिछाडीस ब्रह्मदेशात जी विमाने उतरली, त्यांतील एक त्याने चालविले. म्हणजे 'द किड'मधला तो मुलगा आपल्या देशाच्या आकाशातूनही जाऊन आला आहे, ही गोष्ट मुद्दाम सांगावीशी वाटली. १९६४ ते १९६६ या काळात 'द ॲडम्स फॅमिली' या मालिकेतील टकलू, विक्षिप्त फेस्टर काका म्हणून तो पुन्हा घरोघर पोहोचला आणि १९८४ साली वारला.

तर मग १९३९ मध्ये कायदा झाल्यावर पीटरसन यांनी आणखी काय करावयाचे उरले होते? तर तो कायदा चाळणीसारखा होता. त्याचा अंमल केवळ न्यायालयात नेऊन मंजूर करून घेतलेल्या करारांवर चाले. अशा करारातील कमाईचा काही भाग, फार तर निम्मा, बाजूस ठेवावा असे न्यायाधीशास सांगता येई. पण करार न्यायालयात नेणार कोण? अल्पवयीनाने केलेला करार त्याला पुढे मोडता येतो, हे कायद्याचे सर्वसाधारण तत्त्व. ते टाळून मुलास लांब मुदतीसाठी बांधून घ्यावयाचे असले, तरच निर्माते न्यायालयाची पायरी चढत. जाहिरात, एखाददुसरा भाग, आठवड्याचे काम अशा किरकोळ करारांसाठी कोण जातो? शिवाय, कमाई आईबापांची हे मूळ तत्त्व जागच्या जागीच होते. कुलूप बसविले होते, पण दार शेजारी उघडेच.

त्या उघड्या दारातून काय जाऊ शकते, हे गॅरी कोलमन याच्या प्रकरणाने दाखविले. मूत्रपिंडाच्या विकाराने उंची खुंटलेला हा विलक्षण बुद्धिमान, विनोदी मुलगा १९७८ ते १९८६ या काळात 'डिफरंट स्ट्रोक्स' या मालिकेमुळे अमेरिकेतील सर्वांत अधिक मानधन घेणाऱ्या बालनटांपैकी एक झाला. १९८९ साली त्यालाही आपल्या आईवडिलांवर व माजी व्यवस्थापकावर दावा लावावा लागला, आणि १९९३ साली न्यायालयाने त्याला सुमारे १३ लाख डॉलर देवविले. जॅकीच्या दाव्यापासून अर्धशतक उलटले होते. २०१० साली, बेचाळिसाव्या वर्षी, गॅरी वारला.

पीटरसन, नटांचा संघ आणि इतर अनेक जण मागे लागले, तेव्हा कॅलिफोर्नियाने १९९९ मध्ये कायदा बदलला व १ जानेवारी २००० पासून तो लागू झाला. आता करार न्यायालयात जावो वा न जावो, बालनटाची कमाई ही त्याची स्वतःची मालमत्ता ठरली. एकूण कमाईतील १५ टक्के रक्कम मालकाने परस्पर मुलाच्या नावे विश्वस्त-खात्यात भरली पाहिजे. सज्ञान होईपर्यंत तिला आईबापांस हात लावता येत नाही. उरलेल्या ८५ टक्क्यांचा व्यवहार आईबाप पाहतात. पण ते मालक म्हणून नव्हे, विश्वस्त म्हणून. आमच्या मते खरी क्रांती १५ टक्क्यांत नाही, ती या एका शब्दाच्या बदलात आहे.

पैशाचे झाले, परंतु बालपण बँकेत ठेवता येत नाही. ते दिवसाच्या तासांत मोजावे लागते. कॅलिफोर्नियाने तेही मोजून दिले आहे. पंधरा दिवसांचे बाळही चित्रीकरणास नेता येते, मात्र सहा महिन्यांच्या आतील बाळाने दिवसातून वीस मिनिटांपेक्षा अधिक 'काम' करावयाचे नाही व दोन तासांच्या वर त्या जागी थांबावयाचे नाही. नऊ ते सोळा वर्षांच्या मुलाचा शाळेच्या दिवसांतील हिशेब असा : एकूण नऊ तास, त्यांतील पाच तास काम, तीन तास अभ्यास, एक तास विश्रांती. आणि हा हिशेब पाहण्यास तेथे एक शिक्षक नेमलेला असतो. त्याला 'स्टुडिओ टीचर' म्हणतात. तो केवळ गणित-भूगोल शिकवीत नाही. मुलाचे आरोग्य, सुरक्षितता व नीती यांची जबाबदारीही त्याच्यावर असते, आणि त्याला धोका दिसल्यास तो मुलास चित्रीकरणाच्या जागेवरून उठवून नेऊ शकतो. लाखो डॉलरांचा खर्च चालू आहे, दिवे पेटले आहेत, दिग्दर्शक ओरडत आहे आणि एक मास्तर येऊन म्हणतो, "तीन तास झाले नाहीत, चल, वही घे." आमच्या व्यवसायबंधूचा एवढा अधिकार वाचून आमची छाती दोन बोटे फुगली, हे कबूल करतो.

आता आमच्या दुकानदार गृहस्थांच्या प्रश्नाकडे वळू. आपल्या देशात काय आहे? बालमजुरीविरोधी कायदा १९८६ साली झाला व २०१६ मध्ये त्यात मोठी दुरुस्ती झाली. चौदा वर्षांखालील मुलास कोणत्याही कामावर ठेवण्यास त्याने मनाई केली, अपवाद दोनच. शाळेच्या वेळेनंतर वा सुटीत घरच्यांस मदत करणे हा एक, आणि जाहिरात, चित्रपट, चित्रवाणी मालिका यांत कलाकार म्हणून काम करणे हा दुसरा. सर्कस मात्र या अपवादात येत नाही. २०१७ च्या नियमांनी या दुसऱ्या अपवादास कुंपण घातले. दिवसात पाच तासांहून अधिक काम नाही. विश्रांतीवाचून सलग तीन तासांहून अधिक नाही. सलग २७ दिवसांपेक्षा अधिक नाही. शाळेच्या अभ्यासात खंड पडू नये, अशी सोय निर्मात्याने केली पाहिजे. पाच मुलांमागे निदान एक जबाबदार व्यक्ती नेमली पाहिजे. मुलाच्या इच्छेविरुद्ध त्याच्याकडून काही करून घेता येणार नाही. काम सुरू करण्यापूर्वी जेथे ते व्हावयाचे त्या जिल्ह्याच्या दंडाधिकाऱ्याची परवानगी निर्मात्याने घेतली पाहिजे. आणि मुलाच्या कमाईतील किमान २० टक्के रक्कम थेट राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत पडली पाहिजे. ती त्यास सज्ञान झाल्यावर मिळावयाची.

म्हणजे दिवसाचे हजार रुपये मिळाले, तर दोनशे मुलाच्या ठेवीत. आकड्यात आपला नियम कॅलिफोर्नियाच्या पुढे आहे, हे पाहून आनंद झाला. पण उरलेल्या आठशांविषयी, ते मुलाचे आणि आईबाप केवळ विश्वस्त, असे तिकडच्यासारखे स्पष्ट बोल या नियमांत नाहीत. तसेच हे कुंपण चौदा वर्षांखालील मुलांभोवतीच आहे. तिकडे ते अठरापर्यंत पोहोचते. दहावीच्या वर्षात असलेल्या, पंधरा वर्षांच्या मुलास त्याची गरज कमी आहे, असे कोणत्या शिक्षकास वाटेल?

तथापि, मुलाच्या कमाईवर घर चालविणारे सारेच आईबाप लोभी, असे कोणी समजू नये. आमच्या मंगेशीचे मास्टर दीनानाथ मंगेशकर स्वतः कोवळ्या वयातच किर्लोस्कर मंडळीत जाऊन रंगभूमीवर उभे राहिले होते. १९४२ च्या एप्रिलात ते निवर्तले, तेव्हा त्यांची थोरली कन्या लता तेरा वर्षांचीही झाली नव्हती. पाठीवर चार भावंडे होती. त्या वर्षीच्या 'पहिली मंगळागौर' या बोलपटापासून ती लहान भूमिका करू लागली. तोंडाला रंग फासून कॅमेऱ्यासमोर उभे राहणे आपल्याला मुळीच आवडत नसे, असे लताबाईंनी पुढे अनेकदा सांगितले. त्या कमाईवर एक घर उभे राहिले. तिला लूट म्हणण्याचे धाडस कोण करील? म्हणून सारेच्या सारे पैसे कुलूपबंद करा, असे म्हणणाऱ्यांशी आमचे जमत नाही. भुकेल्या घरात मुदत ठेव शिजवून खाता येत नाही. मात्र ज्या मुलीने चार भावंडांस सांभाळले, तिच्या आवडीनिवडीची नोंद घेणारा कोणी तरी हवा होता, एवढेच मनात येते.

अलीकडे हा प्रश्न मुंबई किंवा हॉलीवूडपर्यंत न जाताही आपल्या घरात शिरला आहे. लहान मुलाचे बोबडे बोल, नाच, रुसवेफुगवे आईबाप फोनवर टिपतात व जगापुढे ठेवतात. पाहणारे वाढले की जाहिराती येतात व जाहिरातींमागून पैसे येतात. येथे निर्माती आई, छायाचित्रकार बाप आणि चित्रीकरणाची जागा स्वयंपाकघर. वही उघडावयास सांगणारा मास्तर येथे नाही. २०२३ साली अमेरिकेतील इलिनॉय राज्याने अशा घरगुती चित्रफितींतील मुलांसाठीही कमाईचा वाटा राखून ठेवण्याचा कायदा केला. तो १ जुलै २०२४ पासून लागू झाला. २०२४ मध्ये कॅलिफोर्नियानेही कूगन कायद्याची कक्षा या मुलांपर्यंत वाढविली. 'द किड'च्या पडद्यापासून हातातल्या फोनपर्यंत शंभर वर्षांत पडदा लहान होत गेला आणि प्रश्न तेवढाच राहिला.

हे सारे वाचून झाल्यावर आम्ही त्या गृहस्थांच्या दुकानी गेलो, आमचे हसत दिलेले उत्तर चुकले होते असे सांगितले आणि वरील नियम एका कागदावर लिहून दिले. त्यांनी ते दोनदा वाचले. मग कात्रणातील क्रमांकावर आमच्यासमोरच फोन लावला. पलीकडून सांगण्यात आले की, आधी नोंदणीचे पाच हजार रुपये भरावे लागतील. आमच्या गृहस्थांनी कागदावर बोट ठेवून शांतपणे विचारले, "जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी घेतली आहे काय?" फोन बंद झाला. पुन्हा लावला, तो लागला नाही. त्यांनी कात्रणाची घडी केली आणि तिच्यात गिऱ्हाइकाचे वेलदोडे बांधून दिले.

मुलगा आता नववीत आहे. यंदाच्या नाटकात त्याच्या वाट्याला सावकार नाही, शिपायाचे काम आले आहे. एकंदर तीन वाक्ये आहेत, आणि त्यांतील एक तो तालमीत रोज विसरतो.